डबलडेकरच्या वरच्या मजल्यावरून मुंबई

(रिद्धपूर गटातील सभासदांकडून)



आपल्या अंकात एरवी लागवडीच्या नोंदी, खोडव्याची निगा, खतांचे हप्ते आणि गाळपाचे आकडे येतात. ते यायलाच हवेत. पण या वेळी संपादकांनी आम्हाला थोडी जागा दिली आहे, तेव्हा एका संध्याकाळची हकिकत सांगतो. हकिकत मुंबईच्या सहलीची आहे. पण वाचता वाचता ती आपल्या बांधावर कशी येऊन पोचते ते पाहा.

फेब्रुवारी २०२३ मधली गोष्ट. रिद्धपूर गटातले आम्ही आठ सभासद, त्यात दोघी भगिनी सभासद, पुण्याजवळ मांजरीला वसंतदादा शुगर इन्स्टिट्यूट पाहायला गेलो होतो. १९७५ साली उभी राहिलेली ही संस्था उसाच्या माणसाने एकदा तरी पाहावी. ऊतिसंवर्धनाची रोपे पाहिली, एक डोळ्याची रोपवाटिका पाहिली, ठिबकवरचा ऊस पाहिला. त्यावर पूर्वी लिहून झाले आहे. काम आटोपल्यावर सरळ घरी न येता आम्ही मुंबईला गेलो, आणि त्याला कारण होते.

काका आणि काकू

आमच्या गटात एक जुने सभासद आहेत. वयाने थोर, म्हणून आम्ही सगळे त्यांना काकाच म्हणतो. त्यांच्या घरच्या काकू त्या वेळी मुंबईत परळच्या टाटा रुग्णालयात इलाज घेत होत्या. उतरायची सोय दादरला, संत गाडगेबाबांच्या नावाच्या धर्मशाळेत. बाबा आपल्याच जिल्ह्यातले, शेंडगावचे. त्यांनी पंढरपूर, नाशिक, देहू, आळंदीला धर्मशाळा बांधल्या, पण स्वतःसाठी झोपडी बांधली नाही, हे आपण शाळेत शिकलो. त्या शिकण्याचा अर्थ दादरच्या जिन्यावर कळला. सगळ्या महाराष्ट्रातले, बाहेरच्याही प्रांतांतले आजारी लोक तिथे पथारी टाकून होते, आणि वऱ्हाडी बोलणे कानावर पडले तसे काका दारातूनच ओरडले, "आले कारे बावा तुमी!"

काकूंचे ऑपरेशन झाले होते, किमो झाली होती, शेक देण्याचे शेवटचे दिवस नुकतेच संपले होते. डोक्याचे केस गेलेले, त्यावर पदर घट्ट बांधलेला. सोमवारी तपासणीचा कागद मिळायचा होता. तो कागद काय सांगेल, याचा घोर काकांच्या तोंडावर दिसत होता. बोलत मात्र होते ते उसावरच. "खोडवा कसा हाये? पाचट ठेवलं का जाळलं कोनं?"

सहा-सात महिने मुंबईत येऊन-जाऊन होते, पण दोघांनी मुंबई पाहिली नव्हती. धर्मशाळा ते दवाखाना आणि दवाखाना ते धर्मशाळा, एवढीच त्यांची मुंबई. आमच्यातल्या एका ताईने विचारले, "काकू, समुद्र पाह्यला का?" काकू म्हणाल्या, "नाई व माय. टॅक्सीवाला म्हने, इकडून जवळच हाये. पन आमाले कुठी येळ."

तिथेच ठरले. डॉक्टरांना विचारून घेतले. गर्दीत घुसू नका, तोंडाला फडकं बांधा, दमू नका, एवढे सांगून त्यांनी होकार दिला. चालत फिरणे शक्य नव्हते. मग आमच्या सोबत असलेले निवृत्त गुरुजी, जे आता आपले पूर्णवेळ ऊस उत्पादक सभासद आहेत, त्यांनी उघड्या छताच्या डबलडेकर गाडीचे नाव काढले.

गाडीची थोडी माहिती

मुंबईत घोड्यांची ट्राम १८७४ साली सुरू झाली, विजेची १९०७ साली. मोटारबस १९२६ साली रस्त्यावर आली आणि दोन मजली बस १९३७ साली. ट्राम १९६४ साली बंद पडली, डबलडेकर मात्र राहिली. मुंबईचे सिनेमे पाहिलेल्या कोणालाही ती लाल गाडी माहीत आहे. पुढे १९९७ पासून पर्यटन महामंडळाने वरचे छत काढलेली गाडी फिरवायला सुरुवात केली, तिचे नाव नीलांबरी. नंतर बेस्टनेही तशाच उघड्या गाड्यांतून शहरातल्या जुन्या वास्तू दाखवण्याची फेरी चालवली. संध्याकाळी दिवे लागले की निघायचे आणि तास-सव्वा तासात दक्षिण मुंबई फिरून यायचे. खाली बसायचे तिकीट स्वस्त, वरच्या मजल्याचे महाग.

काकांनी लगेच हिशेब केला. "आपन खालीच बसू. हिले जिना चढवत नाई." काकूंनी जिन्याकडे पाहिले. मागच्या बाजूचा तो जिना अरुंद आणि उभा, आपल्या माडीच्या जिन्यासारखा. दोन्ही हातांनी कठडा धरला आणि म्हणाल्या, "मी वरच बसीन." दोघी ताया मागून, कंडक्टर पुढून, अशा त्या एक एक पायरी चढल्या. मध्ये दोनदा थांबल्या. खालच्या लोकांनी गडबड केली नाही. वर पोचल्यावर पहिल्याच बाकावर टेकल्या आणि पाच मिनिटे काही बोलल्या नाहीत. आम्हीही बोललो नाही.

गेटवेपासून समुद्रापर्यंत

गेटवे ऑफ इंडियाच्या परिसरातून गाडी निघाली. गुरुजी कंडक्टरच्या बाजूला उभे राहून सांगत होते, आणि पुढच्या-मागच्या बाकांवरचे परके लोकही ऐकू लागले.

गेटवेचा पाया १९११ साली घातला, इंग्रजांचा राजा पाचवा जॉर्ज येणार म्हणून. राजा आला आणि गेला. कमान पुरी व्हायला १९२४ साल उजाडले. ज्या दारातून राज्य मिरवायचे होते, त्याच दारातून २८ फेब्रुवारी १९४८ रोजी इंग्रज पलटणीची शेवटची तुकडी बोटीवर चढून निघून गेली. कमानीसमोर शिवछत्रपतींचा घोड्यावरचा पुतळा आहे, तो १९६१ च्या प्रजासत्ताकदिनी उभा राहिला. काकांनी बसल्या जागी हात जोडले. पलीकडे ताजमहाल हॉटेल, १९०३ सालचे. त्याच्या खिडक्यांतून पिवळा उजेड सांडत होता.

पुढे वस्तुसंग्रहालयाचा घुमट, मग विधानभवन आणि मंत्रालय. मंत्रालयाच्या खिडक्यांत शनिवार असूनही कुठे कुठे दिवे होते. आमच्यातला एक जण म्हणाला, "आपली फाईल कोनत्या खिडकीत असन?" सगळे हसले. उसाचे पैसे अडकले की याच इमारतीकडे पाहायचे, हे आपल्याला नवीन नाही. पण रस्त्यावरून ती इमारत नुसतीच उंच दिसते, वरच्या मजल्यावरून मात्र ती जवळ आल्यासारखी वाटली, एवढे खरे.

नरिमन पॉइंटला गाडीने वळण घेतले आणि समोर एकदम समुद्र उघडला.

वाऱ्याचा लोट आला. काकूंचा पदर उडाला, तो ताईने धरला. डाव्या हाताला काळे पाणी, त्याच्या काठाने चार पायांचे सिमेंटचे ठोकळे, त्यावर लाटा फुटून पांढऱ्या होत होत्या. पुढे दूर मलबार टेकडीपर्यंत वळत गेलेली दिव्यांची माळ. इंग्रजी अमदानीत तिला राणीचा हार म्हणत. रस्त्याचे नाव आता नेताजी सुभाषचंद्र बोस मार्ग, पण सगळे मरीन ड्राइव्हच म्हणतात. साडेतीन किलोमीटरच्या आसपास हा रस्ता आहे आणि तो ज्या जमिनीवर आहे ती जमीन समुद्रात भर घालून मिळवलेली आहे. टोकाला गिरगावची चौपाटी, जिथे १ ऑगस्ट १९२० रोजी लोकमान्यांचा देह अग्नीला दिला.

काकू पाण्याकडे पाहत होत्या. बऱ्याच वेळाने म्हणाल्या, "एवढं पानी! अन् यानं एक वाफा भिजत नाई."

काका म्हणाले, "आपल्या खारपानपट्ट्यासारखं."

अगदी खरे बोलले. पूर्णेच्या खोऱ्यात दर्यापूर, अकोटकडे आपले सोयरे आहेत. विहिरीला पाणी आहे, पण खारट. पिकाला द्यावे तर जमीन चोपण होते. आपण ऊसवाले पाण्याच्या बाबतीत त्यांच्यापुढे श्रीमंत. या शहरालासुद्धा पायाशी समुद्र असून प्यायचे पाणी तानसा, वैतरणा, भातसा अशा लांबच्या धरणांतून नळाने आणावे लागते. गोड पाण्याची किंमत शहराला कळते आणि खारपाणपट्ट्याला कळते. मधल्या आपल्यासारख्यांना ती कळावी, म्हणून मांजरीला ठिबक दाखवत होते.

आपल्या कापसाचे शहर

चर्चगेटवरून गाडी ओव्हल मैदानाकडे आली. एका बाजूला उच्च न्यायालय आणि विद्यापीठाच्या दगडी इमारती, दुसऱ्या बाजूला १९३०-४० च्या दशकांतली गोल गच्च्यांची घरे. या दोन्ही रांगा मिळून २०१८ साली युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या यादीत गेल्या. मधोमध राजाबाई टॉवर, वर घड्याळ.

इथे गुरुजींचा आवाज चढला. "हा मनोरा कोनाच्या पैशाचा हाये, माहीत हाये का? आपल्या!"

गोष्ट अशी. १८६१ साली अमेरिकेत यादवी युद्ध पेटले. तिकडचा कापूस विलायतेच्या गिरण्यांना मिळेना. मग त्यांची नजर हिंदुस्थानच्या कापसाकडे वळली. मुंबईच्या बाजारात वऱ्हाडकडच्या कापसाला 'उमरा' म्हणत. हे नाव उमरावती म्हणजे आपल्या अमरावतीवरून पडले. भाव असा चढला की मुंबईत पैशाचा पूर आला. त्या तेजीत मोठा झालेला कापसाचा व्यापारी आणि दलाल म्हणजे प्रेमचंद रायचंद. त्याने विद्यापीठाला ग्रंथालयासाठी आणि मनोऱ्यासाठी देणगी दिली आणि मनोऱ्याला आपल्या आईचे नाव द्यायला लावले. मनोरा १८७८ साली पुरा झाला.

पण मधले वर्ष विसरू नका. १८६५ साली युद्ध संपले, कापसाचे भाव कोसळले, आणि त्या तेजीवर उभ्या राहिलेल्या कंपन्यांचे शेअर कागदाच्या मोलाचे झाले. स्वतः प्रेमचंदही त्यात बुडाले. समुद्र बुजवून जमीन करण्यासाठी निघालेल्या कंपनीच्या शेअरची किंमत आभाळाला भिडली होती, तीही मातीला मिळाली. भाव चढला म्हणून सगळी जमीन एका पिकाखाली घालू नये, हे शहाणपण तेव्हाचेच आहे. आपण वऱ्हाडातले लोक कापसात पोळलो, म्हणून उसाकडे आणि संत्र्याकडे वळलो. तिथेही डोळे उघडे ठेवावेत.

गुरुजींनी आणखी एक सांगितले. राजाबाई आंधळ्या होत्या, जैन असल्याने सूर्यास्तापूर्वी जेवायचा नेम होता, आणि घड्याळाच्या ठोक्यांवरून त्यांना वेळ कळावी म्हणून मुलाने मनोरा बांधला, अशी लोककथा आहे.

काकूंनी मान वर करून घड्याळ पाहिले. "घड्याळ तं आपल्याबी घरी हाये," त्या म्हणाल्या. "येळ नाई."

काका दुसरीकडे पाहू लागले. आम्हाला त्या बोलण्याचा अर्थ माहीत होता. तो पुढे सांगतो.

मशालीचा शेतकरी, बोरीबंदर आणि हिरवळ

हुतात्मा चौकात गाडी मंदावली. २१ नोव्हेंबर १९५५ रोजी इथे गोळीबार झाला. संयुक्त महाराष्ट्रासाठी प्राण दिलेल्यांचे स्मारक १९६१ साली झाले. स्मारकात मशाल धरलेले दोघे आहेत, एक कामगार आणि एक शेतकरी. मुंबईसारख्या शहराच्या ऐन मधोमध शेतकऱ्याचा पुतळा आहे, हे आपल्यापैकी किती जणांना ठाऊक होते? आपला विदर्भ १९५६ पर्यंत मध्य प्रदेशात होता. नागपूर करार १९५३ सालचा, महाराष्ट्र राज्य १ मे १९६० चे. ज्यांना वेगळा विदर्भ हवा त्यांचे म्हणणे आपल्याकडे आजही ऐकू येते. पण त्या मशालीपुढे कोणत्याही मताच्या माणसाची मान आपोआप लवते.

मग बोरीबंदर. आता छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनस. १८७८ ला काम सुरू झाले, दहा वर्षांनी पुरे झाले. आराखडा फ्रेडरिक स्टीव्हन्स यांचा. समोरची महापालिकेची इमारत त्यांचीच, १८९३ ची. रंगीत दिव्यांत ते स्टेशन राजवाड्यासारखे दिसत होते. इथूनच १६ एप्रिल १८५३ रोजी ठाण्याला पहिली गाडी गेली. ती रेल्वे भुसावळ, अकोला, बडनेरा करीत १८६७ साली नागपूरला पोचली, आणि त्यानंतर थोड्याच वर्षांत खामगाव आणि अमरावतीला फाटे काढले, ते कापसासाठीच. आपल्या भागातली शकुंतला रेल्वेसुद्धा कापूस ओढण्यासाठीच घातलेली. आपण ज्या अमरावती एक्सप्रेसने घरी येतो, तिचा रूळ आपल्या पणजोबांच्या गाठोड्यांनी मळलेला आहे, असे गुरुजी म्हणाले, आणि ते काही खोटे नाही.

शेवटी हॉर्निमन सर्कल. समोर १८३३ चा टाउन हॉल, पांढऱ्या खांबांचा आणि उंच पायऱ्यांचा. आज गोल बाग आहे तिथे पूर्वी मोकळे मैदान होते आणि कापसाच्या गाठींचे ढीग तिथे लागत. १८४४ साली तो बाजार कुलाब्याला हलवला. जवळच रिझर्व्ह बँक. याच फोर्ट भागात राज्य सहकारी बँक आहे, तिचे मूळ १९११ सालचे. तारणावरची उचल, मालतारण खाते, हे शब्द आपण वार्षिक सभेत ऐकतो, त्याची वाट इथपर्यंत येते. १९५० साली प्रवरेला विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांनी सहकारी साखर कारखाना उभा करून दाखवला, त्याआधी साखर म्हणजे शेटजींचा धंदा होता. कापसाच्या तेजीत शेतकऱ्याचा मनोरा कुठे उभा राहिला नाही. सहकारात निदान चिमणी तरी आपली आहे.

गाडी पुन्हा मूळ जागी आली. उतरताना काकूंना वेळ लागला. कंडक्टर म्हणाला, "आजी, सावकाश. गाडी कुठं पळत नाही."

जे सांगायला हा लेख लिहिला

आता त्या घड्याळाच्या बोलण्याविषयी. काका-काकूंच्या परवानगीने लिहितो. उलट काकूंनीच सांगितले, "लिवा. नाव नका लिवू, पन लिवा."

२०२१ च्या दिवाळीत काकूंच्या हाताला गाठ लागली. दुखत नव्हती. त्यांनी कोणाला सांगितले नाही. घरी साडेतीन एकर ८६०३२ उभा होता. तो हंगाम आपल्या सगळ्यांच्या ध्यानात आहे. राज्यात ऊस इतका झाला की गाळप जूनपर्यंत चालले. टोळी आज येते, उद्या येते, मुकादम फोन उचलत नाही, शेतकी खात्यात खेटे घालायचे. वाढे सुकले, वजन घटत चालले, काका रात्र रात्र झोपत नव्हते. काकूंनी मनाशी ठरवले, तोड होऊ दे, मग सांगू. टोळी एप्रिलमध्ये आली. तिच्या भाकरी, पाणी, गाडीवाल्यांचा चहा यांत आणखी पंधरा दिवस गेले. मे महिन्यात त्यांनी काकांना सांगितले. अमरावतीच्या डॉक्टरांनी तपासले आणि मुंबईची चिठ्ठी दिली. सहा-सात महिने गेले होते.

धर्मशाळेत परत आल्यावर रात्री काका आम्हाला बाजूला घेऊन बसले. म्हणाले, "उसाले कानी दिसली तं आपन काय करतो? एक बेट दिसलं का त्याच दिशी उपटतो, पोत्यात घालतो, जाळून टाकतो. उद्यावर ठेवत नाई. शेजाऱ्यालेबी सांगतो, तुहाबी पाह्य. मंग माह्या घरात हे मले काहून दिसलं नाई?"

कोणाजवळ उत्तर नव्हते. आम्हा आठांपैकी सहा पुरुष. प्रत्येकाला आपल्या प्रत्येक सरीतल्या खोडव्याची तब्येत तोंडपाठ. घरच्या बाईला शेवटचे कधी विचारले, "तुले काही दुखते का?" हे कोणाला आठवेना.

रविवारी रात्री आम्ही बोरीबंदरहून अमरावतीची गाडी धरली. सोमवारी सकाळी गावी पोचलो, पण शेतात कोणी गेले नाही. दुपारी काकांचा फोन आला. कागद चांगला होता. तीन महिन्यांनी दाखवायला या, असे डॉक्टरांनी सांगितले होते. फोनवर काका रडत होते, आणि मागून काकूंचा आवाज येत होता, "त्याईले इचारा, पाचट जाळलं का ठेवलं!"

ठेवले होते.

पुढचे

त्या फेब्रुवारीतच मुंबईत विजेवर चालणाऱ्या, वातानुकूलित नव्या डबलडेकर रस्त्यावर आल्या. जुन्या डिझेलच्या डबलडेकरची शेवटची फेरी १५ सप्टेंबर २०२३ ला झाली, आणि उघड्या छताच्या गाड्याही त्याच वर्षी ५ ऑक्टोबरला मोडीत निघाल्या. ती बातमी वाचून आम्ही काकूंकडे गेलो. त्या अंगणात तुरीच्या शेंगा निवडत होत्या. केस परत आलेले, आखूड, पांढरे. बातमी ऐकून म्हणाल्या, "बरं झालं, जिना चढलो ते." तेव्हा आता मुंबईला जाणाऱ्यांनी त्या जुन्या गाडीच्या भरवशावर जाऊ नये, दर्शनाची कोणती फेरी सुरू आहे ते तिथे चौकशी करून ठरवावे. समुद्र पाहायला तसे तिकीट लागत नाही.

गुरुजींची एक टीप राहिली. मुंबईला विद्यापीठ १८५७ साली झाले, मनोरा त्याच्या अंगणात आहे. आपल्या रिद्धपूरला, जिथे म्हाइंभटांचे लीळाचरित्र घडले आणि महदंबेने धवळे रचले, तिथे मराठी भाषा विद्यापीठ सुरू व्हायला २०२४ साल यावे लागले. काकूंची नात तिथे शिकायचे म्हणते आहे. मनोरा बांधायला आपल्याकडे पैसा नाही, पण मुलीला शिकवायला आणि घरच्या बाईला दवाखान्यात न्यायला मनोऱ्याएवढा पैसा लागत नाही. कर्करोगाच्या बऱ्याच उपचारांना महात्मा फुले जन आरोग्य योजनेचा आधार मिळतो. शिधापत्रिका आणि आधारकार्ड यांवरची नावे एकसारखी आहेत ना, हे आधीच पाहून ठेवावे. काकांचे तीन दिवस त्यातच गेले होते.

आम्हा आठ जणांची कारखान्याच्या संचालक मंडळाला एक नम्र सूचना आहे. दरवर्षी हंगामापूर्वी ऊसविकास मेळावा होतो, माती परीक्षणाचे नमुने घेतले जातात. त्याच दिवशी, त्याच मांडवाशेजारी, सभासदांच्या घरच्या बायकांच्या तपासणीसाठी डॉक्टरीणबाई बसवाव्यात. टोळ्या यायच्या आधी. एकदा टोळी शिवारात शिरली की आपल्याकडे कोणालाच वेळ नसतो, हे आपण सगळे जाणतो. टोळीसोबत येणाऱ्या ऊसतोड बायकांनाही त्यात घ्यावे; त्यांना तर घर सोडून सहा महिने कोपीत राहावे लागते, त्यांची गाठ कोण पाहणार?

आमच्या सोबतच्या दोघी ताया मुंबईहून आल्याच्या दुसऱ्या आठवड्यात अमरावतीला जाऊन तपासून आल्या. काही निघाले नाही. निघाले असते तरी वेळेवर निघाले असते.

काकूंनी आम्हाला या वर्षी पुन्हा विचारले आहे, सहल कुठे जाणार म्हणून. त्यांना आता कोकण पाहायचे आहे. "तितंबी तेच खारं पानी हाये," काका म्हणाले. काकू म्हणाल्या, "असू द्या. पाहून येऊ."

ज्या सभासदांना यायचे असेल त्यांनी गटप्रमुखांकडे नावे द्यावीत. जोडीने द्यावीत.